दर हजारी

दक्षिण आशियात वीटभट्ट्या किती, हा प्रश्न तहसील कचेरीत विचारून बघा. उत्तराआधी उलट प्रश्न येईल: तुम्ही कोणत्या पेपरचे?

इंग्लंडमधल्या नॉटिंगहॅम विद्यापीठाच्या मंडळींनी म्हणूनच कचेरीची पायरी चढायचं टाळलं. त्यांनी उपग्रहाची छायाचित्रं उघडली, हौशी स्वयंसेवक कामाला लावले, नमुन्यादाखल तुकडे मोजले आणि पाकिस्तान, उत्तर भारत, नेपाळ, बांगलादेश या सलग पट्ट्याचं गणित मांडलं. 2018 साली आकडा जाहीर झाला. 55,387 भट्ट्या.

आकाशातून दिसल्या. जीपमधून दिसत नव्हत्या.

बरं, भट्टी ही काही लपवून ठेवायची वस्तू नाही. शंभरेक फुटांचं धुराडं, भोवती लाल ढिगारे, रस्त्यावर ट्रॅक्टरांची रांग. तरी यादीत सापडत नाही. विटांची भट्टी काय आणि हातभट्टी काय, दोघींचं सारखंच: पत्ता सगळ्यांना ठाऊक, नोंद कुठेच नाही.

जगाचा हिशोब आणखी मोघम. दरवर्षी सुमारे दीड लाख कोटी विटा भाजल्या जातात, असा अंदाज वर्षानुवर्षं अहवालांतून फिरतो आहे. दहांतल्या जवळपास नऊ आशियात. पहिला नंबर चीनचा, दुसरा आपला. पोलादात दुसरे आलो की पानभर जाहिरात येते. विटांत दुसरे आलो, एकाही मंत्र्याने फेटा बांधून घेतला नाही.

वाटणी केली तर जगात माणशी पावणेदोनशेच्या वर विटा येतात. तुमच्या वाट्याच्या कुठे गेल्या? बिल्डरला विचारा. (पंढरपूरची वीट या हिशोबात धरलेली नाही. तिच्यावर अजून रॉयल्टी लागलेली नाही, तेव्हा उगाच कुणाला आठवण करून देऊ नये.)

आता यंत्राकडे वळू. म्हणजे वळलो असतो, पण यंत्र आहे कुठे?

1858 साली फ्रीड्रिश हॉफमन या जर्मन गृहस्थाने गोल भट्टीचं पेटंट घेतलं. आग विझवायचीच नाही. ती पुढे पुढे सरकत राहणार आणि भाजून झालेल्या विटांची ऊब आत येणारी हवा तापवणार. हुशार काम! 1876 मध्ये बुल नावाच्या इंग्रज इंजिनियरने हिंदुस्थानसाठी त्याची स्वस्त आवृत्ती काढली. छप्पर उडवलं, इमारत उडवली, जमिनीत चर खणला. झाली भट्टी.

1876 हेच टेलिफोनच्या पेटंटचं साल. टेलिफोन भिंतीवरून टेबलावर आला, टेबलावरून खिशात गेला. बुलसाहेबांचा चर मात्र अजून जागोजागी धुमसतो आहे. भट्टीचा मुनीम त्याच चराच्या काठावर उभा राहून खिशातल्या फोनवर कोळशाचा भाव विचारतो.

महाराष्ट्रात बहुतेक ठिकाणी चरसुद्धा नाही. कच्च्या विटांची रास रचायची, मध्ये कोळसा आणि भाताचं तूस घालायचं, बाहेरून लिंपायचं, पेटवायचं आणि जेवायला जायचं. बुलसाहेब या बाजूला फारसे फिरकलेच नाहीत. आपल्याला 1876 हासुद्धा भविष्यकाळ आहे.

मग कायदा काय करतो?

कायदा मुदत देतो. 1996 मध्ये केंद्राने फिरत्या पत्र्याच्या धुराड्यांवर बंदी घातली. मग मुदतवाढ. मग पुन्हा मुदतवाढ. असं करत 2002 उजाडलं. 22 फेब्रुवारी 2022 ला नवा हुकूम निघाला: यापुढे झिगझॅग भट्टी किंवा उभ्या शाफ्टची भट्टी, नाहीतर इंधन म्हणून पाइपचा गॅस. जुन्या भट्ट्यांनी बदलायचं. प्रदूषित शहरांजवळ एक वर्षात, इतरत्र दोन वर्षांत. ही वर्षं कोणत्या पंचांगानं मोजायची, ते हुकमात नाही.

झिगझॅग म्हणजे तरी काय? विटा अशा रचायच्या की गरम हवा सरळ न पळता नागमोडी जाईल. कोळसा साधारण पाचव्या हिश्शाने वाचतो, काळा धूर बराच आटतो. रुडकीच्या केंद्रीय इमारत संशोधन संस्थेने हे तंत्र 1970 च्या दशकातच भारतात आणलं होतं. भट्टीतल्या हवेला नागमोडी वाट लगेच सापडली. मंत्रालयातल्या फायलीला पन्नास वर्षं लागली.

खरं तर वीटवाल्यांना कायदा शिकवायला जाऊच नये. ते दोन शतकं पुढे आहेत.

1784 ची गोष्ट. अमेरिका हातची गेलेली, युद्धाचं कर्ज इंग्लंडच्या डोक्यावर. तिसऱ्या जॉर्जच्या सरकारने विटांवर कर बसवला. दर हजारी अडीच शिलिंग. कर नगावर होता, आकारावर नव्हता. पुढे काय झालं असेल?

विटा मोठ्या झाल्या.

मेशम गावच्या जोसेफ विल्क्सने तर जवळजवळ दुप्पट आकाराची वीट काढली. कर एका विटेचा, भिंत दोन विटांची. सरकारला जाग यायला 1803 साल लागलं. मग मोठ्या विटेला दुप्पट कर. अखेर 1850 मध्ये कर गेला. मधल्या काळात तिजोरीचं काय झालं ते अर्थशास्त्रज्ञ सांगतील. गवंड्यांच्या मनगटांचं कुणी सांगणार नाही.

आपलं सरकार याहून चतुर. नियम पाळला जात नाही असं दिसलं की ते नियम मोठा करतं.

1999 मध्ये ठरलं, औष्णिक वीज केंद्रापासून 50 किलोमीटरच्या आत नुसत्या मातीची वीट नको, राख मिसळा. शेताची वरची कसदार माती वाचेल आणि राखेचे डोंगर उतरतील. हेतू झकास. पालन होईना. 2003 मध्ये अंतर केलं 100 किलोमीटर. तरी होईना. 2016 मध्ये 300! कोराडी, चंद्रपूर, परळी, भुसावळ, एकलहरे यांच्याभोवती 300 किलोमीटरचे गोल काढून बघा. महाराष्ट्र जवळजवळ संपतो. लाल वीट संपत नाही.

राख गेली, नाही असं नाही. बरीचशी सिमेंट कंपन्यांनी उचलली. फुकट मालाची किंमत कळायला अधिसूचना लागत नाही.

माती मात्र जातेच आहे. शेताचा वरचा थर तयार व्हायला शतकं लागतात, आणि तो उचलायला एक जेसीबी आणि एक अडलेला शेतकरी पुरतो. पोरीचं लग्न निघालं की दोन फूट माती ब्रासच्या भावाने जाते. नंतर त्या खड्ड्यात पाणी साठतं, आणि मग कुणीतरी येऊन त्याला शेततळं म्हणतं.

बांगलादेशाची तऱ्हा आणखी न्यारी. बहुतेक गाळाचा प्रदेश, दगड फारसा मिळत नाही. काँक्रीटला खडी हवी. म्हणून विटा भाजायच्या, आणि भाजून झाल्या की फोडायच्या. कोळसा जाळून दगड करायचा, मग त्या दगडाची खडी करायची.

हसू नका. एकोणिसाव्या शतकात लाहोर-मुलतान रेल्वेच्या ठेकेदारांना खडी हवी होती, तेव्हा त्यांनी जवळच्या एका उकिरड्यासारख्या दिसणाऱ्या टेकाडातून विटा उपसल्या. सुमारे शंभर मैल लोहमार्गाखाली त्या गेल्या, असं पुरातत्त्वज्ञ कनिंगहॅमने नोंदवून ठेवलं आहे. टेकाडाचं नाव हडप्पा. बांगलादेश निदान स्वतः भाजलेल्या विटा फोडतो.

त्या हडप्पावाल्यांच्या विटेचं प्रमाण ठरलेलं होतं. उंची एक, रुंदी दोन, लांबी चार. शेकडो मैल दूरच्या नगरांतही तेच. आपल्या मानक ब्युरोची वीट आहे 190 बाय 90 बाय 90 मिलिमीटर. हा आकडा घेऊन जवळच्या भट्टीवर जा आणि अशीच द्या म्हणा. मालक साचा दाखवील. साचा त्याच्या आजोबांचा असेल, आणि आजोबांनी मिलिमीटर पाहिलेला नसेल.

मोजून माप कुठे मिळालं असेल तर ते लंडनमध्ये. तिथल्या टेट गॅलरीने 1972 मध्ये कार्ल आंद्रे यांचं एक शिल्प विकत घेतलं. शिल्प म्हणजे 120 विटा, जमिनीवर नीट मांडलेल्या. 1976 मध्ये वर्तमानपत्रांनी जनतेच्या पैशाच्या नावाने बोंब ठोकली. आम्हाला मात्र कौतुक वाटतं. सार्वजनिक पैशातून 120 विटा घेतल्या आणि जागेवर 120 च भरल्या! आपल्या कुठल्याही बांधकाम खात्याने एकदा एवढी कला दाखवावी.

विटेवर नाव ठोकायची हौसही जुनी. नेबुखदनेझरने बाबिलोनच्या विटांवर आपलं नाव ठोकलं. अडीच हजार वर्षांनी, 1980 च्या दशकात, सद्दाम हुसेनने त्याच जागी नव्या विटांवर आपलं ठोकलं. 2016 मध्ये न्यूयॉर्कच्या सुप्रीम या कपड्यांच्या ब्रँडने एका साध्या लाल विटेवर नाव ठोकलं आणि ती 30 डॉलरला विकली. पुढे लोक ती शेकडो डॉलरला विकायला काढू लागले. राजा झाला, हुकूमशहा झाला, दुकानदारही झाला. जिने किंवा ज्याने ती वीट थापली, तिचं किंवा त्याचं नाव तिन्हींवर नाही.

थापणाऱ्याचं नाव असतं मालकाच्या वहीत. तेही अर्धंच.

पावसाळ्यात घरात दाणा नसतो. तेव्हा भट्टीवाला किंवा त्याचा मुकादम दारात येतो आणि उचल देतो. किती माणुसकी! त्या उचलीवर गणपती निघतात, दिवाळी निघते. दिवाळी सरली की कुटुंब भट्टीवर. ठाणे, पालघर, रायगडकडे यात कातकरी फार. मजुरी दर हजारी. आठवड्याला खर्चीपुरते पैसे हातात, बाकी सगळं वहीत. पावसाच्या तोंडाशी हिशोब होतो. उचल वजा, खर्ची वजा, फुटकी वजा. उरतं काय?

पुढच्या वर्षीची उचल.

मध्येच अवकाळी आला तर? त्याचाही हिशोब ठरलेला असतो. वाळलेली वीट मालकाची, भिजलेली मजुराची.

मजुरी जोडीची असते. नवरा-बायको मिळून एक आकडा, वहीत नाव नवऱ्याचं. ऊसतोडीत जसा कोयता, तसंच. बायको पहाटे तीनला उठून चिखल करते, साचे मारते, मध्ये भाकरी टाकते, पुन्हा साचे मारते. विटा मोजल्या जातात. ती मोजली जात नाही.

पोरं ओल्या विटा उलटतात, सुकलेल्या वाहतात. त्यांची तर नोंदच नको, कारण बालमजुरीला बंदी आहे. ज्यांना मनाई आहे, ते हजर कसे असतील?

विटा रचून, वर गवत टाकून केलेल्या खोपटाला तिकडे भोंगा म्हणतात. विधायक संसद या संस्थेने ठाणे जिल्ह्यात भट्टीवरच शाळा भरवल्या, त्यांचं नाव भोंगाशाळा. पोर भट्टीवर असेल तर शाळाही भट्टीवर. कल्पना इतकी सरळ होती की सरकारला सुचणं शक्यच नव्हतं.

वेठबिगारी आपण 1976 च्या कायद्याने संपवली. पाकिस्तानने 1992 च्या कायद्याने संपवली. त्याआधी 1988 मध्ये तिथल्या भट्टीमजुरांनी सर्वोच्च न्यायालयाला तार केली होती. न्यायालयाने तारेलाच याचिका मानलं. सीमेच्या अलीकडे उचल, पलीकडे पेशगी. फाळणीत टेबलं-खुर्च्यांचीही वाटणी झाली म्हणतात. ही एकच वस्तू दोघांनी अख्खी नेली.

कामगारांचं राज्य आलं की सुटेल, असं वाटतं? 2007 मध्ये चीनच्या शान्शी प्रांतातल्या भट्ट्यांवर गुलामांसारखे डांबलेले मजूर सापडले. हनान प्रांतातले बाप आपल्या हरवलेल्या पोरांना शोधत भट्ट्या पालथ्या घालत होते, त्यातून बोभाटा झाला. सगळ्यात गाजलेल्या भट्टीचा मालक गावच्या पक्षसचिवाचा चिरंजीव निघाला. पक्ष कुणाचा? कामगारांचा.

आणि हे पिवळ्या-काळ्या माणसांचं दुखणं, असं म्हणणाऱ्या साहेबभक्तांसाठी व्हिएन्ना. जगातली सर्वांत मोठी वीट कंपनी वीनरबर्गर तिथली, स्थापना 1819. आपल्याकडे कर्नाटकात कुणिगलला तिने कारखाना काढला. 1888 मध्ये व्हिक्टर आडलर नावाचा डॉक्टर ओळख लपवून तिच्या भट्ट्यांवर शिरला. बोहेमिया-मोराव्हियातून आलेल्या मजुरांना तिथे नाण्यांऐवजी पत्र्याचे बिल्ले मिळत. बिल्ले चालत फक्त भट्टीच्या आवारातल्या दुकानांत. भाव अर्थातच दुकानदाराचा. आडलरने सगळं छापून टाकलं आणि पुढे तो ऑस्ट्रियाच्या समाजवादी चळवळीचा नेता झाला. भट्टीच्या धुरातून अख्खा पक्ष निघाला. आपल्याकडे नुसताच धूर निघतो.

शहरात आपण या सगळ्यातून सुटलो, असं आपल्याला वाटतं. पुण्या-मुंबईच्या टॉवरमध्ये आता वीट कुठे असते? सांगाडा काँक्रीटचा, भिंती सिपोरेक्सच्या. हलक्या, झटपट. फोटो टांगायला खिळा ठोकला की पूर्वज आणि भुगा एकदमच खाली येतात.

मग त्याच भिंतीवर लाल विटेसारखी दिसणारी टाइल चिकटवायची. कॅफेत तर हवीच. ज्यांच्या घरात खरी वीट होती त्यांनी ती गिलाव्याखाली झाकली. ज्यांच्याकडे नाही त्यांनी खोटी वर लावली. वास्तुविशारद लॉरी बेकर केरळात वर्षानुवर्षं वेगळंच सांगत होते. विटा उभ्या लावा, मध्ये पोकळी ठेवा, विटा पाव हिश्शाने वाचतात, घर थंड राहतं, गिलावा हवाच कशाला? सरकारने त्यांना 1990 मध्ये पद्मश्री दिली. सल्ला मानण्यापेक्षा ते स्वस्त पडतं.

तर मुद्दा धुराचा. बांगलादेशात शाळेपासून एक किलोमीटरच्या आत भट्टी नको, असा कायदा आहे. 2021 मध्ये स्टॅनफर्डच्या मंडळींनी संगणकाला उपग्रहाची चित्रं वाचायला शिकवून तपासणी केली. तीन चतुर्थांशांहून जास्त भट्ट्या त्या किलोमीटरच्या आतच निघाल्या. संगणकाला चहापाणी लागत नाही, एवढाच त्याचा दोष.

पण त्याच देशातून अलीकडे एक विलक्षण बातमी आली. 276 भट्ट्यांवर केलेला एक प्रयोग 2025 मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात छापून आला. निवडलेल्या मालकांना ना दंड, ना धाड, ना अनुदान. फक्त शिकवलं. विटा नीट रचा, कोळसा भसकन न ओतता एका माणसाने थोडा थोडा सतत घालावा, जोडीला लाकडाचा भुसा टाका. शिकवलेल्यांपैकी 65 टक्क्यांनी ऐकलं. ऐकणाऱ्यांचं इंधन 23 टक्क्यांनी वाचलं. धूर आपोआप कमी झाला.

इन्स्पेक्टर लागला नाही. मुदतवाढ लागली नाही. पर्यावरण वाचवा असं कुणी कुणाला म्हटलंही नसेल. कोळशाचं बिल पुढे ठेवलं, बस्स. मालकाला हिशोब कळतो, हे कळायला आपल्याला इतकी वर्षं लागली.

आता कुण्या विद्यापीठाने आणखी एक प्रयोग करावा. वहीत नवऱ्याच्या नावाखाली बायकोचं नाव वेगळं लिहिलं आणि तिचा वेगळा भाव लावला, तर कोळसा आणखी दोन टक्के वाचतो, एवढंच सिद्ध करून द्यावं. येत्या दिवाळीनंतर बघा, प्रत्येक भट्टीच्या वहीत जोडीमागे दोन ओळी दिसतील.